गाडी धरली, सुटका नेमकी कोणाकडे मागायची?

‘मालक, गाडी धरली’ हा ड्रायव्हरचा फोन बहुधा रात्री उशिरा नाहीतर पहाटे येतो. दिवसा पुणे शहरात जड गाड्यांवर वेळेची बंधनं असतात, त्यामुळे खडी-मुरमाच्या फेऱ्या अवेळीच होतात. वाघोलीकडून नगर रस्त्याने निघालेली हायवा, म्हणजे मोठा डंपर, शास्त्रीनगर चौकाच्या आसपास अडवली जाते. ड्रायव्हरकडे खनिज वाहतुकीचा पास नसतो, किंवा असतो पण त्यावरची मुदत उलटलेली असते. तासाभरात गाडी येरवड्यात पोलीस ठाण्याजवळ उभी राहते आणि मालकाचे हेलपाटे सुरू होतात. ठाण्यात सांगतात तहसीलला जा, तहसीलमध्ये सांगतात प्रांतांकडे जा, प्रांतांच्या ऑफिसात विचारतात, ‘गुन्हा दाखल आहे ना? मग कोर्टातून आणा.’

तिघंही आपापल्या जागी बरोबर असू शकतात. पोलिसांनी गुन्हा नोंदवून जप्त केलेली गाडी कोर्ट सोडतं. महसूल खात्याने जप्त केलेली गाडी प्रांत, म्हणजे उपविभागीय अधिकारी, किंवा जिल्हाधिकाऱ्यांनी अधिकार दिलेले उपजिल्हाधिकारी सोडतात. आपली गाडी यांतल्या कोणी जप्त केली आहे हे कळायच्या आत अर्ज लिहायला बसू नका.

पहिल्या रात्री काय विचारायचं

ठाणे अंमलदारांकडे जाऊन शांतपणे विचारा: गुन्हा दाखल झाला आहे का? झाला असेल तर गुन्हा रजिस्टर नंबर, कलमं आणि तपासी अधिकाऱ्याचं नाव लिहून घ्या. झाला नसेल तर तहसीलदारांना पत्र गेलं आहे का आणि पंचनामा कोणी केला, हे विचारा.

उत्तर तीनपैकी एक असतं. एक, भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०३(२) खाली चोरीचा गुन्हा नोंदवलेला असतो. सोबत कधी खाण व खनिज अधिनियम, १९५७ चं कलम २१ लावलेलं असतं. दोन, गुन्हा नसतो, स्टेशन डायरीत नोंद करून गाडी उभी केलेली असते आणि महसूलच्या माणसाची वाट पाहिली जात असते. तीन, जप्ती तहसीलदारांची असते आणि गाडी फक्त सांभाळायला ठाण्याच्या ताब्यात दिलेली असते. तहसील कार्यालयाला डंपर उभा करायला जागा कुठली? म्हणून हा तिसरा प्रकार बराच दिसतो आणि लोक तिथेच फसतात. गाडी ठाण्यात उभी आहे म्हणजे ती पोलिसांनीच जप्त केली असं नाही.

पोलिसांना अशी कारवाई करताच येत नाही, असं सांगणारे सल्लागार चहाच्या टपरीवर भेटतात. त्यांच्या नादी लागू नका. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये दिल्ली सरकार विरुद्ध संजय या खटल्यात स्पष्ट केलं आहे की विनापरवाना वाळू-खनिज उचलणं ही खनिज कायद्यातल्या गुन्ह्याखेरीज चोरीही ठरू शकते आणि त्यासाठी पोलीस गुन्हा नोंदवू शकतात. मात्र रॉयल्टी आणि महसुली दंड ठरवणं, तो घेणं हे पोलिसांचं काम नाही. तो दंड ‘इथेच भरून टाका’ असं कोणी म्हणालं तर चलन मागा. चलन नसेल तर तो दंड नव्हे.

आणखी एक बारीक गोष्ट. येरवडा पुणे शहर तालुक्यात येतं. नगर रस्त्याने पुढे वाघोलीला गेलात की हवेली. गाडी कुठल्या गावच्या हद्दीत अडवली यावर तहसील आणि प्रांत ठरतात. पंचनाम्यातलं ठिकाण चुकलं तर कागद चुकीच्या टेबलावर जाऊन पडतो.

पंचनामा ओळ न् ओळ वाचा

पुढचं सगळं या कागदावर उभं असतं आणि मालक नेमका तोच वाचत नाही. ड्रायव्हर घाबरून सही करून मोकळा होतो. ड्रायव्हरला आधीच सांगून ठेवा की कोऱ्या किंवा अर्धवट भरलेल्या कागदावर सही करायची नाही; जे मान्य नाही ते सहीखाली आपल्या हाताने लिहायचं.

पहिली पाहायची गोष्ट म्हणजे पासबद्दलचं वाक्य. ‘चालकाने वाहतूक पास सादर केला नाही’ आणि ‘मुदत संपलेला पास सादर केला’ या दोन वाक्यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. पहिल्यात माल चोरीचा असल्याचा संशय राहतो. दुसऱ्यात रॉयल्टी भरलेली आहे, भांडण फक्त वेळेचं आहे. महाखनिज प्रणालीतून निघणाऱ्या ई-पासवर गाडीचा नंबर, माल, ठिकाण आणि मुदत असते आणि क्यूआर कोडवरून तो तपासता येतो. नगर रस्त्यावर गाडी दोन तास कोंडीत अडकली आणि मुदत गेली, असं खरोखर झालं असेल तर जीपीएसचा त्या रात्रीचा माग लगेच काढून ठेवा. जीपीएस पुरवणाऱ्याकडून तो छापील आणि सही-शिक्क्यानिशी घ्या. मोबाइलवरचा स्क्रीनशॉट पुढे कोणी विचारात घेईलच असं नाही. क्रशरवरून माल उचलला असेल तर तिथली पावती, वजनकाट्याची चिठ्ठी आणि साठ्यावरून निघणारा दुय्यम पासही त्याच दिवशी गोळा करा. आठवड्यानंतर मागायला गेलात तर क्रशरवाल्याला तुमची गाडी आठवणार नाही.

दुसरी गोष्ट ब्रास. शंभर घनफूट म्हणजे एक ब्रास. ‘अंदाजे ६ ब्रास’ असं लिहिलेलं दिसलं तर मोजमाप मागा. हौद १६ फूट लांब, साडेसात फूट रुंद आणि माल साडेतीन फूट उंचीपर्यंत असेल तर ४२० घनफूट, म्हणजे ४.२ ब्रास होतात. सहाचे चार करून घेणं म्हणजे मेहरबानी नव्हे, टेप लावून मोजणं आहे. माल उतरवायच्या आधी हौदात टेप धरून फोटो काढा. उतरवल्यावर कोणाचंच म्हणणं सिद्ध होत नाही.

तिसरी गोष्ट, माल नेमका काय आहे. कल्याणीनगर, विमाननगर, खराडी या पट्ट्यात बांधकामाच्या तळघरांतून निघालेला मुरूम आणि पाडलेल्या इमारतींचा राडारोडा सारख्याच गाड्यांतून जातो. रात्रीच्या उजेडात दोन्ही सारखेच दिसतात. राडारोडा हे खनिज नाही. महापालिकेचा त्यावर प्रक्रिया करणारा प्रकल्प वाघोलीतच आहे आणि गाडी तिकडे चालली असेल तर त्याची पावती किंवा कंत्राटाचा कागद दाखवा. तळघराच्या मातीबद्दल पुण्याच्याच बिल्डरांच्या संघटनेच्या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने ३ डिसेंबर २०१४ रोजी निकाल दिला. पायासाठी खोदलेली माती त्याच भूखंडावर वापरली जात असेल तर केवळ खोदली म्हणून ती गौण खनिज ठरत नाही. ती कशासाठी वापरली हे पाहावं लागतं. पण हा निकाल अर्धा वाचून लोक अंगावर दंड ओढवून घेतात. माती कुंपणाबाहेर, भराव घालायला दुसऱ्या जागेवर निघाली की परवानगी, रॉयल्टी आणि पास सगळं लागतं. रस्त्यावर धरलेल्या गाडीला ‘त्याच भूखंडावर’ हा बचाव सहसा मिळत नाही, कारण ती रस्त्यावर आहे.

शेवटी गाडीची यादी. बॅटरी, स्टेपनी, टायरची संख्या आणि अवस्था, जॅक, ताडपत्री, टाकीतलं डिझेल, चेसिस नंबर हे सगळं पंचनाम्यात लिहून घ्या आणि चारही बाजूंनी तारखेसह फोटो काढा. महिनाभर उघड्यावर उभ्या राहिलेल्या गाडीत काय उरतं हे या धंद्यातल्या प्रत्येकाला ठाऊक आहे.

गुन्हा दाखल असेल तर कोर्ट

जप्तीची माहिती पोलिसांनी दंडाधिकाऱ्यांना तातडीने कळवायची असते. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १०६ तेच सांगतं. त्यानंतर गाडीच्या नोंदणीकृत मालकाने कलम ४९७ किंवा ५०३ खाली मुद्देमाल परत मिळण्याचा अर्ज करायचा. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच कलमं ४५१ आणि ४५७ होती, वकील अजून बोलताना तेच आकडे म्हणतात. १ जुलै २०२४ पासून नवी संहिता लागू आहे, तेव्हा अर्जावर नवी कलमं असलेली बरी. कोणत्या कोर्टात जायचं हे तपासी अधिकाऱ्याला किंवा ठाण्याच्या पैरवी अंमलदाराला विचारलं की कळतं.

अर्जाला आरसी, विमा, फिटनेस, परमिट, पीयूसी, मालकाचं आधार आणि पॅन, पास-पावत्या, एफआयआरची प्रत आणि गाडीचे फोटो जोडा. गाडी कर्जावर असेल तर हप्त्याचा उतारा जोडा आणि फायनान्स कंपनीला लेखी कळवा. आपल्याकडची नेहमीची अडचण वेगळीच असते: गाडी दोन वर्षांपूर्वी विकत घेतली, पैसे दिले, पण आरसी जुन्या मालकाच्याच नावावर. कोर्ट नोंदीतला मालक बघतं. जुन्या मालकाला सोबत घेऊन अर्ज करा, नाहीतर त्याचं रीतसर मुखत्यारपत्र आणा. नोटरीचा साधा विक्रीकरार घेऊन उभं राहिलात तर पहिल्याच तारखेला परत फिराल.

अर्ज दिल्यावर कोर्ट पोलिसांचा ‘से’, म्हणजे लेखी म्हणणं, मागवतं. इथे दिवस जातात. तपासी अधिकाऱ्याला भेटून से लवकर द्यायची विनंती करायला काहीच हरकत नाही. सेमध्ये ‘वाहन सोडल्यास पुन्हा तसाच गुन्हा करील’ हे वाक्य बहुतेक असतंच. त्याने घाबरू नका. गाडीवर आधीचा असा गुन्हा नसेल तर ते अर्जातच ठळकपणे मांडा. असेल तर लपवू नका, पोलिसांकडे नोंद असते.

तुमच्या बाजूने सगळ्यात भक्कम आधार म्हणजे सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात हा सर्वोच्च न्यायालयाचा २००२ चा निकाल. जप्त वाहनं ठाण्यात सडवत ठेवण्यात अर्थ नाही, फोटो व सविस्तर पंचनामा करून आणि योग्य बंधपत्र-जामीन घेऊन ती परत द्यावीत, मुद्देमाल ठाण्यात पंधरा दिवस ते महिनाभरापेक्षा जास्त ठेवू नये, असं त्यात म्हटलं आहे. नव्या कलम ४९७ मध्ये याचंच रूप आलं: कोर्टाने चौदा दिवसांत मालमत्तेचं विवरण तयार करायचं, तिचे फोटो किंवा चित्रीकरण करून घ्यायचं आणि पुढच्या तीस दिवसांत तिच्याबाबत आदेश द्यायचा.

आदेश झाला की ठरलेल्या रकमेचं बंधपत्र, लागला तर जामीनदार, आणि सुपूर्दनामा, म्हणजे गाडी अटींवर ताब्यात घेतल्याचा लेख. अटी साधारण ठरलेल्या असतात: गाडी विकायची नाही, रंग-रूप बदलायचं नाही, बोलावू तेव्हा हजर करायची. अर्ज फेटाळला तर सत्र न्यायालयात पुनरीक्षण अर्ज करता येतो. वकिलाची फी झेपत नसेल तर शिवाजीनगरच्या न्यायालयातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात विचारा. उत्पन्नाच्या मर्यादेत बसणाऱ्यांना आणि महिला, अनुसूचित जाती-जमातीच्या अर्जदारांना तिथे मोफत वकील मिळतो. ड्रायव्हरवर गुन्हा असतो तेव्हा मालक गाडीमागे धावतो आणि ड्रायव्हर एकटा पडतो. त्याच्यासाठीही हा रस्ता आहे.

महसूलची जप्ती असेल तर प्रांत

इथे कायदा महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६, कलम ४८. यात दोन वेगळे दंड आहेत आणि लोक त्यांची सरमिसळ करतात.

पहिला दंड मालावरचा. पोटकलम (७) प्रमाणे खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत. ‘पर्यंत’ हा शब्द कायद्यात आहे, पण आदेश मात्र थेट पाचपटीचा निघतो. म्हणणं मांडताना हा मुद्दा लेखी मांडाच. दुसरा दंड गाडीवरचा. पोटकलम (८) प्रमाणे जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा कमी दर्जा नसलेल्या अधिकाऱ्यापुढे मांडायचं असतं, आणि विहित दंड व वैयक्तिक बंधपत्र घेऊन तो अधिकारी ते सोडू शकतो. म्हणजे तहसीलदार गाडी धरू शकतात, सोडण्याचा आदेश मात्र वरून येतो.

विहित दंडाचा तक्ता १२ जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेत आहे. ट्रॅक्टर-ट्रॉली आणि हाफ बॉडी ट्रकला १ लाख रुपये, फुल बॉडी ट्रक आणि डंपरला २ लाख, एक्सकॅव्हेटर किंवा लोडरला साडेसात लाख. आता हिशोब करून बघा. चार ब्रास मुरूम, उदाहरणादाखल बाजारभाव ब्रासला २,००० रुपये धरला, तर माल ८,००० चा आणि पाचपट दंड ४०,००० चा. ब्रासला ६०० रुपयांप्रमाणे रॉयल्टी २,४००. आणि डंपरचे २ लाख. एकूण २,४२,४००. लोक चाळीस हजारांवर तासभर वाद घालतात आणि दोन लाखांच्या ओळीकडे बघतही नाहीत. तुमची गाडी आरसीवर कोणत्या बॉडीची आहे आणि पंचनाम्यात काय लिहिली आहे हे ताडून पाहा. हाफ बॉडीला ‘डंपर’ लिहिलं की एका शब्दात लाख रुपये वाढतात. अधिसूचनेत त्यानंतर काही बदल झाला आहे का, हे ससूनसमोरच्या जिल्हाधिकारी कार्यालयातल्या खनिकर्म शाखेत विचारून घ्या.

नोटीस आली की तोंडी उत्तर देऊ नका. लेखी खुलासा, सोबत पास-पावत्या, जीपीएसचा माग आणि मोजमापाचे फोटो द्या, आणि दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. शिक्का नसलेला खुलासा दिला की नाही हे पुढे कोणालाच सांगता येत नाही. बंधपत्राची रक्कम वाहनाच्या बाजारभावापेक्षा जास्त ठेवता येत नाही. गाडी जुनी असेल तर विमा पॉलिसीवरची आयडीव्ही, म्हणजे गाडीची घोषित किंमत, दाखवा. दंड सरकारच्या ग्रास या ऑनलाइन प्रणालीवर चलनाने भरा, चलनावर योग्य लेखाशीर्ष आहे का हे लिपिकाकडून तपासून घ्या, आणि सुटकेच्या आदेशाची प्रत स्वतः ठाण्यात नेऊन द्या. टपालाने जाईल म्हणून थांबलात तर आणखी आठवडा जातो.

आदेश मान्य नसेल तर कलम २४७ खाली वरच्या अधिकाऱ्याकडे अपील आहे. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध मुदत ६० दिवसांची. दंड तसाच सोडून दिला तर तो जमीन महसुलाच्या थकबाकीसारखा वसूल होतो. गावाकडच्या सातबाऱ्यावर बोजा चढल्यावर जागे झालेले मालक कमी नाहीत.

दोन्ही कारवाया असतील तर

येरवड्यासारख्या शहरी हद्दीत हे घडतं: पोलिसांचा गुन्हाही असतो आणि तहसीलदारांची नोटीसही. अशा वेळी एकच आदेश आणून गाडी हलत नाही. आधी महसूलचा खुलासा आणि प्रांतांकडचा अर्ज दाखल करा, त्याच आठवड्यात कोर्टात अर्ज द्या आणि त्यात महसूलच्या कारवाईचा उल्लेख स्वतःहून करा. तो लपवला आणि पोलिसांच्या सेमधून बाहेर आला तर कोर्टाचा तुमच्यावरचा विश्वास उडतो. कोर्ट बहुधा महसूलकडे किती रक्कम निघते हे विचारतं. त्याचं उत्तर आदेशाच्या प्रतीसह तयार ठेवा.

दंड भरला की गुन्हा मिटला, ही समजूत मात्र काढून टाका. जयंत विरुद्ध मध्य प्रदेश या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये सांगितलं की रीतसर तडजोड झाली तर खनिज कायद्याखालचा खटला पुढे चालत नाही, पण चोरीचा गुन्हा त्याने संपत नाही. महसुली दंडाची पावती चोरीच्या खटल्यात सुटकेचा दाखला म्हणून चालणार नाही.

मग भरायचं की भांडायचं? माझं मत सरळ आहे. पास नव्हताच, तर भरा आणि गाडी बाहेर काढा. मोजमाप आणि बॉडीचा वाद तेवढा करा. डंपरचा हप्ता, ड्रायव्हरचा पगार आणि बुडालेल्या फेऱ्या यांची बेरीज दोन-तीन महिन्यांत दंडाच्या जवळ जाते. पास खरा होता, फक्त मुदतीचा किंवा नंबर चुकल्याचा घोळ होता, तर भांडा. तेव्हाही गाडी अडकून ठेवू नका: ‘अपिलाचा हक्क राखून, आक्षेपासह’ असं लिहून रक्कम भरा, गाडी घ्या आणि अपील चालवा. काही न लिहिता भरलेली रक्कम पुढे कबुलीसारखी तुमच्यासमोर ठेवली जाते.

दलालांबद्दल एवढंच: जो कोणी ‘साहेबांशी बोललोय’ म्हणतो त्याला आदेशाचा जावक क्रमांक विचारा.

गाडी हातात आल्यावर

ताबा घेताना पंचनाम्यातली यादी हातात धरून टायर, बॅटरी, डिझेल मोजा. काही कमी असेल तर ताबा पावतीवरच लिहा. गाडी बाहेर काढल्यावर केलेल्या तक्रारीला अर्थ राहत नाही. ओव्हरलोडचं वेगळं ऑनलाइन चलन पडलं आहे का ते पाहा, नाहीतर फिटनेस किंवा परमिटच्या वेळी ते आडवं येतं.

सुपूर्दनाम्याच्या अटी खटला संपेपर्यंत चालू असतात. गाडी विकायची, जुनी म्हणून भंगारात काढायची किंवा बॉडी बदलायची असेल तर आधी कोर्टाची परवानगी घ्या. महसूलला दिलेल्या बंधपत्रात पुन्हा असं करणार नाही अशी हमी असते, त्यामुळे दुसऱ्यांदा धरलेल्या त्याच नंबरच्या गाडीला पहिल्यासारखी वागणूक मिळेल अशी आशा ठेवू नका. ड्रायव्हरला पासची छापील प्रत द्या, मुदत संपायला अर्धा तास उरला असेल तर गाडी हलवण्याआधी फोन करायला सांगा, आणि जीपीएस बंद पडलं तर त्या दिवशी फेरी लावू नका. खटला निकाली निघाला की निकालाची प्रमाणित प्रत घेऊन जामीनदाराची कागदपत्रं आणि अनामत रक्कम परत मिळण्याचा अर्ज द्या. ती आपोआप कोणी परत करत नाही.